कोट्सबाईंची कात्री आणि तुमचे प्रश्न

मागच्या अंकात याच पानावर अ‍ॅन कोट्स या इंग्लंडच्या फिल्म एडिटर बाईंबद्दल चार ओळी दिल्या होत्या. १९५२ साली त्यांनी पहिला पिक्चर एडिट केला, ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’साठी ऑस्कर घेतलं, आणि २०१५ साली वयाच्या ८९ व्या वर्षी एका मोठ्या हॉलिवूड पिक्चरला एडिटर म्हणून त्यांचं नाव लागलं, २०१८ साली त्या गेल्या, एवढंच लिहिलं होतं. त्यावर बेळगाव शहरातून आणि खानापूर, निपाणी, चिकोडी, संकेश्वर भागातून बरेच प्रश्न आले, काही पत्रानं, काही व्हॉट्सअ‍ॅपवर, कुणी व्हॉइस मेसेज टाकले. सारखे प्रश्न एकत्र केलेत. नाव छापू नका असं बऱ्याच जणांनी कळवलंय म्हणून सगळ्यांचं फक्त गाव देतोय.

प्रश्न: सर, मी रिटायर्ड शिक्षक. पिक्चर डायरेक्टरचा, गोष्ट लेखकाची, तोंड हिरोचं. एडिटर नको तो भाग काढून टाकतो एवढंच आम्हाला माहीत. मग त्याच्या करिअरचं इतकं कौतुक कशासाठी? (शहापूर, बेळगाव)

उत्तर: गुरुजी, तुमचा प्रश्न मुद्दाम पहिला घेतलाय कारण बहुतेकांची समजूत हीच आहे. शूटिंगला एकच सीन चार-पाच बाजूंनी घेतात आणि प्रत्येक बाजूचे परत किती तरी टेक. नवरा-बायको टेबलाशी बसून चहा पितायत एवढा साधा सीन धरा. त्याचं तोंड, तिचं तोंड, दोघं मिळून, नुसता कप धरलेला हात, दारातून दिसणारे दोघं, असा सगळा माल एडिटरकडे येतो. आता बोलणाऱ्याचं तोंड दाखवायचं का ऐकणाऱ्याचं, तिनं मान वळवल्यावर कापायचं का वळवायच्या आधी, उत्तर देण्यापूर्वी ती गप्प बसते ते अर्धा सेकंद ठेवायचं का दोन सेकंद, हे त्या टेबलावर ठरतं आणि त्यावरनंच ठरतं की ती बाई प्रेक्षकाला लबाड वाटणार का बिचारी. डायलॉग तोच, नटी तीच, टेक पण तोच असू शकतो.

कोट्सबाईंचा सगळ्यात गाजलेला कट, म्हणजे एका चित्रावरून सरळ दुसऱ्यावर उडी, तो घेऊ. ‘लॉरेन्स’मध्ये कैरोच्या एका ऑफिसात लॉरेन्स हा इंग्रज लष्करी अधिकारी एका साहेबाची सिगार पेटवून देतो. काडी त्याच्या बोटात जळत राहते, तो तिच्याकडे बघतो, बघतच राहतो, आणि फुंकर मारतो. फुंकर मारली की पुढच्या फ्रेमला वाळवंट. लांबच लांब क्षितिज, सूर्य अजून वर यायचाय, आणि तो यायची वाट बघत आपण बसलेलो. त्या ऑफिसातून वाळवंटात जायचा प्रवास, सामान, उंट, काही काही दाखवलं नाही.

आता गंमत बघा, स्क्रिप्टमध्ये हा कट नव्हताच. तिथं डिझॉल्व लिहिलेलं, म्हणजे एक चित्र हळूहळू विरत जाणार आणि दुसरं वर येणार. त्या काळात डिझॉल्व एडिटिंगच्या टेबलावर करताच यायचं नाही, ते लॅबमध्ये वेगळं करून घ्यावं लागायचं आणि ते होईपर्यंत कामाच्या प्रिंटवर नुसती मेणाच्या पेन्सिलीनं खूण करून ठेवायचे. त्यामुळे रफ जोडणी चालवून बघितली तेव्हा काडी आणि वाळवंट एकदम एकमेकांना भिडलेले दिसले. बाईंना ते आवडलं. फ्रान्समध्ये तेव्हा नवी पोरं असे सरळ, धाडसी कट मारत होती आणि बाईंनी डेव्हिड लीन या आपल्या डायरेक्टरला त्यातल्याच शाब्रोल या डायरेक्टरचे पिक्चर बघा म्हणून आधीच सांगितलेलं. लीनना पण तो कट पटला पण ते म्हणाले जवळपास बरोबर आहे, घेऊन जा आणि एकदम बरोबर करून आण. बाईंनी नेला आणि दोन फ्रेम काढल्या. एका सेकंदात २४ फ्रेम, म्हणजे २४ सुटी चित्रं, असतात, म्हणजे दोन फ्रेम म्हणजे सेकंदाचा बारावा भाग. तेवढ्यानं तो कट समेवर आला. लीन स्वतः डायरेक्टर व्हायच्या आधी नावाजलेले एडिटर होते, त्यांना त्या बारा भागातल्या एका भागाची किंमत कळत होती, आणि माझं म्हणणं असं की कौतुक करायचं तर याचं करायला पाहिजे. लाखो रुपये ओतून शूट केलेलं वाळवंट आहेच की, पण तुमच्या छातीत जे होतं ते त्या दोन फ्रेम नसल्यामुळे होतं.

प्रश्न: त्या काळात बाईमाणूस या लाइनीत शिरली कशी? ओळख होती का कुणाची? मी बीएला आहे, मलाही यात यायचंय पण घरात म्हणतात हे पोरींचं काम नाही. (खानापूर)

उत्तर: ओळख होती, आणि ती लपवायचं काही कारण नाही. जे. आर्थर रँक, ज्यांची त्या काळी इंग्लंडात स्टुडिओ आणि थेटरांची मोठी कंपनी होती, ते बाईंचे सख्खे काका. पण काकांनी पुतणीला नेऊन थेट पाईनवूड स्टुडिओत बसवलं असं झालं नाही. आधी त्यांना धार्मिक फिल्मच्या खात्यात टाकलं. तिथून चर्चमध्ये दाखवायला प्रिंट जायच्या, फाटून-तुटून परत यायच्या, आणि बाईंनी त्या दुरुस्त करायच्या, जोड मारायचे, परत पाठवायच्या. ज्याला फिल्मचा हात बसणं म्हणतात तो तिथं बसला. तिथून पुढं स्टुडिओत असिस्टंट, आणि मग १९५२ साली ‘द पिकविक पेपर्स’ला एडिटर.

पण मला त्याच्याही आधीचा काळ जास्त महत्त्वाचा वाटतो. फिल्मच्या कामाआधी बाई नर्स होत्या, ईस्ट ग्रिनस्टेड नावाच्या गावी, सर आर्चिबाल्ड मॅकइंडो या प्लास्टिक सर्जनच्या हॉस्पिटलात. दुसऱ्या महायुद्धात विमानात होरपळलेली पोरं तिथं यायची, कुणाचं नाक नाही, कुणाच्या पापण्या नाहीत, आणि विशीच्या आसपासच्या मुलीनं त्यांच्या तोंडाकडे न दचकता बघत काम करायचं. पुढं सगळं आयुष्य माणसांच्या तोंडाकडे बघण्यात गेलं त्या बाईंचं, तर ते बघणं तिथं शिकल्या असणार असं मला वाटतं. १९८० सालच्या ‘द एलिफंट मॅन’बद्दल खाली लिहिलंय, तिथं हे परत आठवा.

राहिलं पोरींचं काम नाही वालं. घरच्यांना सांग, एडिटिंगचं ऑस्कर एका बाईनं १९४० च्याच पिक्चरसाठी घेतलेलं, अ‍ॅन बॉशेन्स तिचं नाव. हॉलिवूडात अगदी मूकपटापासून एडिटिंगच्या खोलीत बायका होत्या. आणि इतकं लांब कशाला जायचं, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून बाहेर पडलेल्या रेणू सलुजा यांनी ‘जाने भी दो यारों’ एडिट केला, ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’, ‘गॉडमदर’ या चार पिक्चरना एडिटिंगचं राष्ट्रीय पारितोषिक घेतलं. २००० साली फार लवकर गेल्या त्या. ‘जाने भी दो यारों’मधला स्टेजवरचा महाभारताचा गोंधळ आणि ‘परिंदा’मधली हिंसा एकाच बाईच्या हातची आहे हे बघून घे, घरच्यांना पण दाखव. पुणं इथून एका रात्रीच्या रेल्वेवर आहे. तिथला एडिटिंगचा कोर्स तीन वर्षांचा, पदवीनंतरचा, म्हणजे बीए सोडू नको, आधी ते पूर्ण कर.

प्रश्न: सर मी आठ-दहा वर्षं झाली लग्नाचे व्हिडिओ एडिट करालोय, एडियस या सॉफ्टवेअरवर. लग्न, बारसं, वाढदिवस, यात्रा, राजकीय सभा, येईल ते घेतो. आता नवीन पोरं म्हणालेत की तुमची स्वतःची अशी स्टाईल नाही, एक स्टाईल पकडा. तुम्ही लिहिलं की कोट्सबाईंनी सगळ्या तऱ्हेचे पिक्चर केले. मग त्यांची स्टाईल काय होती? (वडगाव, बेळगाव)

उत्तर: दादा, तुमच्या प्रश्नावर मी सगळ्यात जास्त वेळ घालवलाय कारण बाईंच्या अख्ख्या करिअरचं मर्म तुम्ही विचारलंय.

त्यांना ऑस्करची पाच नॉमिनेशन मिळाली. पहिलं १९६२ च्या ‘लॉरेन्स’ला, ते जिंकलं. मग १९६४ चा ‘बेकेट’, राजा आणि धर्मगुरूचं भांडण, सगळा खेळ दोन मोठ्या नटांच्या बोलण्यावर. मग १९८० चा ‘एलिफंट मॅन’, काळा-पांढरा. मग १९९३ चा ‘इन द लाइन ऑफ फायर’, राष्ट्राध्यक्षाचा बॉडीगार्ड आणि त्याला फोनवरून छळणारा खुनी. शेवटचं १९९८ चा ‘आउट ऑफ साइट’, चोर आणि पोलीसबाईचं प्रेम. पाच पिक्चर, पाच वेगळे डायरेक्टर, पहिल्या आणि शेवटच्यात ३६ वर्षं. मध्ये १९७४ चा ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस’ आहे, २००० चा ‘एरिन ब्रॉकोविच’ आहे. यातले कुठलेही दोन शेजारी ठेवा, एकाच हातचे आहेत असं ओळखू येणार नाही.

दोनच जवळून बघू. ‘एलिफंट मॅन’मध्ये एका माणसाचं शरीर आणि तोंड भयंकर वाढलेलं आहे, जत्रेत त्याला पैसे घेऊन दाखवतात. डॉक्टर त्याला पहिल्यांदा बघतो तेव्हा आपल्याला तो माणूस धड दिसतच नाही, दिसतं डॉक्टरचं तोंड. अँथनी हॉपकिन्स उभा आहे, कॅमेरा जवळ जवळ जातोय, त्याचे डोळे हलत नाहीत आणि एक थेंब गालावरून खाली येतो. तिथं कापायची घाई केली नाही. प्रेक्षकाला वाटतं दाखवा ना एकदा, आणि ते दाखवत नाहीत, कितीतरी वेळ दाखवत नाहीत, कधी बुरखा, कधी अंधार, कधी सावली. शेवटी त्याचं तोंड सरळ दिसतं ते एक साधी नर्स जेवण घेऊन खोलीत शिरते तेव्हा, ती किंचाळते आणि तोही तितकाच घाबरलेला असतो. आपल्याला कळतं की घाबरायला आपल्यापेक्षा त्याला जास्त कारण आहे. गोष्ट लिहिणारे वेगळे आणि डायरेक्टर डेव्हिड लिंच, ते श्रेय त्यांचंच, पण प्रत्येक वेळी किती दिसू द्यायचं आणि कुठल्या फ्रेमला झाकायचं हे हातानं करणारी बाई एकेकाळी अशा तोंडांना पट्ट्या बांधणाऱ्या हॉस्पिटलातली नर्स होती.

आणि आता ‘आउट ऑफ साइट’. हॉटेलचा बार, खिडकीबाहेर बर्फ पडतोय, चोर आणि पोलीसबाई समोरासमोर बसून बोलतायत. बोलणं चालू असतानाच मध्येच पुढच्या वेळेची चित्रं यायला लागतात, दोघं वरच्या खोलीत, आणि आवाज मात्र खाली बारमधल्या गप्पांचाच. परत बार, परत खोली. मध्येच चित्र क्षणभर थांबतं आणि पुढं सरकतं. काय घडणार हे माहीत झालेलं असतं तरी ते बोलणं आणखी गोड लागतं, कारण दोघांच्या मनात काय चाललंय ते आपण डोळ्यांनी बघत असतो. हे एडिट करताना बाई सत्तरी ओलांडलेल्या होत्या आणि डायरेक्टर सोडरबर्ग पस्तिशीतले. ‘एलिफंट मॅन’मध्ये जी बाई कापायला तयार नव्हती तीच इथं काळाचे तुकडे करून इकडचे तिकडे लावतीय.

मग स्टाईल कुठली म्हणायची? माझं मत विचाराल तर त्यांनी आपली स्टाईल पिक्चरवर कधी लादलीच नाही, समोर आलेल्या मालातल्या माणसांकडे बघितलं आणि त्यांना काय पाहिजे ते दिलं, म्हणून डायरेक्टर बदलले, पिढ्या बदलल्या, तरी काम येत राहिलं. दुसराही रस्ता आहे, नाही म्हणत नाही. थेल्मा स्कूनमेकर या तितक्याच मोठ्या एडिटर, पण त्यांनी १९८० च्या ‘रेजिंग बुल’पासून पुढं बहुतेक सगळं काम मार्टिन स्कोर्सेसी या एकाच डायरेक्टरबरोबर केलं आणि तीन ऑस्कर घेतली. एकाच माणसाबरोबर आयुष्य काढलं तर तिथं एक हात, एक चाल तयार होते आणि ती सुंदर असते. पण तुम्ही ज्या कामात आहात तिथं रोज नवं कुटुंब दारात येणार, तेव्हा तुमचा रस्ता कोट्सबाईंचा.

म्हणून तुमच्या कामाचंच सांगतो. लग्नाचा रॉ डेटा आला की आपण काय करतो, टेम्प्लेट लावतो, ड्रोनचा शॉट, स्लो मोशन, ठरलेलं गाणं, आणि सगळी लग्नं सारखी दिसतात. टेम्प्लेट उघडायच्या आधी एकदा सगळा माल आवाजासकट बघा. मंगलाष्टकं चालू असताना नवरी कुणाकडे बघते, बाप अंतरपाटाच्या बाजूला उभा राहून हातातल्या अक्षता चाळवत असतो का, आजी कुठं बसलीय. त्या लग्नातला खरा माणूस कोण ते एकदा सापडलं की त्याच्याकडे परत परत या, बाकीचं त्याच्याभोवती बसवा. अक्षता पडायच्या आधीचं आईचं तोंड दोन सेकंद जास्त ठेवा. सभेचा व्हिडिओ असेल तर वेगळं, तिथं बोलणाऱ्याचा दम कुठं तुटतो त्याच्याआधी गर्दीवर जा. पोरं स्टाईल नाही म्हणालेत ना, म्हणू देत. एखाद्या घरात दहा वर्षांनी तुमची डिस्क परत लावून बघतायत का, ते विचारा.

प्रश्न: आम्ही घरात मराठी बोलतो, दुकानात कन्नड, पोरं टीव्हीवर तेलुगू डब बघतात. भाषा येत नसताना एडिटर पिक्चर कसा काय कापू शकतो? कोट्सबाईंनी सगळं इंग्रजीतच केलं ना? (चिकोडी)

उत्तर: हो, बाईंचं सगळं इंग्रजीत. पण तुमच्या प्रश्नाला आपल्या देशातच उत्तर आहे आणि ते तिकडच्या कुठल्याही एडिटरपेक्षा भारी आहे. ए. श्रीकर प्रसाद. चेन्नईचे, घरचे तेलुगू, वडील अक्किनेनी संजीवी हे पण एडिटर, शिक्षण इंग्रजी साहित्यात. राष्ट्रीय पारितोषिकं बघा कुठल्या कुठल्या भाषेसाठी मिळालीत: ‘राख’ हिंदी, ‘राग बिराग’ आसामी, ‘वानप्रस्थम’ मल्याळी, ‘कन्नत्तिल मुत्तमित्ताल’ तमिळ. ‘दिल चाहता है’ त्यांचाच आणि २०२२ चा ‘आरआरआर’ पण त्यांचाच. आपल्या कर्नाटकातले सुरेश अर्स आयुष्यभर कन्नड पिक्चरमध्ये गाजले आणि राष्ट्रीय पारितोषिक आलं ते मणिरत्नमच्या तमिळ ‘बॉम्बे’साठी.

हे जमतं कसं? शेजारी भाषा जाणणारा असिस्टंट असतो, हातात डायलॉगचं भाषांतर असतं, कुठलं वाक्य कुठं संपतं ते खूण करून ठेवलेलं असतं. पण खरं काम कानानं आणि डोळ्यानं होतं. खोटं बोलणारा माणूस श्वास कुठं घेतो, राग आलेली बाई बोलायच्या आधी ओठ कसे दाबते, याला भाषा लागत नाही. तुम्ही स्वतःच बघा की, शनिवारच्या बाजारात दोघं कन्नडात भांडत असले तर शब्द कळायच्या आधी तुम्हाला कळतं कोण आता हात उगारणार. सीमाभागातल्या माणसाला ही सवय लहानपणापासून असते आणि या धंद्यात ती फार कामाची आहे असं मी मनापासून म्हणतो, इथल्या पोरांनी चार भाषा कानावर असण्याला अडचण समजू नये.

प्रश्न: एडिटर पुढं डायरेक्टर होतात का? (संकेश्वर)

उत्तर: होतात की. डेव्हिड लीनचं वर आलंच. ‘सिटिझन केन’ एडिट करणारे रॉबर्ट वाईज पुढं ‘साउंड ऑफ म्युझिक’चे डायरेक्टर झाले. आपल्याकडं हृषिकेश मुखर्जी बिमल रॉयकडे एडिटर होते, ‘दो बीघा जमीन’ आणि ‘मधुमती’ त्यांच्या हातचे. राजकुमार हिरानी पुण्याला एडिटिंगच शिकले. कोट्सबाई मात्र झाल्या नाहीत, त्यांची दोन मुलं डायरेक्टर झाली आणि मुलगी एडिटर.

प्रश्न: एडिटिंग चांगलं आहे का वाईट हे साध्या माणसानं ओळखायचं कसं? आम्हाला तर काहीच दिसत नाही. (जांबोटी, ता. खानापूर)

उत्तर: दिसत नाही हे बरंच आहे, गोष्टीत गुंतलेल्या माणसाला कट दिसायला नकोतच. पण मुद्दाम बघायचं असेल तर आधी बघितलेला एखादा आवडता पिक्चर घ्या, त्यातला एक सीन लावा आणि आवाज पूर्ण बंद करा. आता प्रत्येक वेळी चित्र बदललं की मांडीवर बोट आपटा. पहिल्या मिनिटातच तुमच्या बोटाला एक लय सापडेल, आणि मध्येच कुठं तरी बोट आपटायला जाल आणि कट येणारच नाही, चित्र थांबून राहील. तिथं थांबा. का थांबवलं असेल, कुणाच्या तोंडावर थांबवलंय, ते बघा. ‘लॉरेन्स’मध्येच विहिरीजवळचा सीन आहे, लांब मृगजळात एक काळा ठिपका हलतोय आणि तो हळूहळू उंटावरचा माणूस होतोय. तो शॉट असा काही ताणून धरलाय की घसा कोरडा पडतो. मग आवाज चालू करून तोच सीन परत बघा. वाईट एडिटिंग कुठं सापडतं म्हणाल तर मारामारीत, जिथं इतके कट असतात की कोण कुणाला मारतंय ते कळत नाही, ते बहुतेक वेळा शूटिंगमधली उणीव झाकायला केलेलं असतं.

प्रश्न: माझा मुलगा इंजिनिअरिंग सोडून एडिटिंग शिकतो म्हणतोय. तुम्ही ८९ वर्षांच्या बाईंचं उदाहरण देता, पण असं एखाद्यालाच जमतं. आता तर एआय आपोआप एडिटिंग करतंय. बापानं काय करावं? (टिळकवाडी, बेळगाव)

उत्तर: तुमची काळजी रास्त आहे आणि मी ती उडवून लावणार नाही. बाईंचं सगळं करिअर शिखरंच शिखरं असंही नव्हतं. ‘काँगो’, ‘स्ट्रिपटीज’ असे समीक्षकांनी झोडपलेले पिक्चरही त्यांच्या नावावर आहेत, २०१५ चा ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’ तर तीन एडिटर मिळून केलेला आणि त्यालाही शिव्याच बसल्या. तीन मुलं वाढवत हे सगळं चाललेलं. ‘लॉरेन्स’चा टेबलावरचा शेवटचा टप्पा काही महिन्यांतच उरकायचा होता कारण १० डिसेंबर १९६२ ला लंडनमध्ये राणीसमोर प्रीमियर ठरलेला, साडेतीन तासांच्या वरचा पिक्चर. त्या खोलीत दिवस-रात्र कळत नाही. पाठ जाते, डोळे जातात. मुलाला हे स्पष्ट सांगा.

यंत्राचं म्हणाल तर बाईंनी सुरुवात केली तेव्हा फिल्म हातानं कापून फिल्म सिमेंट नावाचा डिंक लावून चिकटवायचे, एक जोड चुकला तर फ्रेम वाया जायची. शेवटचं काम कॉम्प्युटरवर. मध्ये तीन-चार वेळा अख्खी पद्धत बदलली आणि त्या प्रत्येक वेळी नवीन शिकल्या. एआय क्रिकेटचे हायलाइट्स काढून देईल, लग्नाचा दोन मिनिटांचा रील पण बनवून देईल, आणि फक्त तेवढंच येणाऱ्यांची कामं जातील यात मला शंका नाही. डॉक्टरच्या गालावरचा थेंब पडेपर्यंत थांबायचं का नाही हे ठरवायला माणूस लागणार आहे, पण तसा माणूस व्हायला वेळ लागतो, आणि तो वेळ घरच्यांनी द्यावा लागतो.

तर एक करा. इंजिनिअरिंग आज सोडू देऊ नका, पण सुट्टीत त्याला एक काम द्या. घरातल्याच कुणाचं, आजीचं म्हणा, कामात असतानाचं तासभर शूटिंग करायला लावा, मोबाइलवर चालेल, आणि त्यातनं पाच मिनिटांचा पिक्चर कर म्हणा. संगीत लावायचं नाही, इफेक्ट नाही, वर नाव-टायटल नाही. नुसती चित्रं आणि तिथलाच आवाज. झालं की त्याच्याशेजारी बसून बघा आणि तुम्ही कुठं कंटाळलात ते त्याला खरं सांगा. तो रागावून लॅपटॉप बंद करतो, का परत बसून ते तीस सेकंद काढतो आणि पुन्हा दाखवायला आणतो, तेवढं बघा. परत आणलं तर पुण्याच्या किंवा कोलकात्याच्या सरकारी इन्स्टिट्यूटची प्रवेशपरीक्षा द्यायला लावा, दोन्हीकडे पदवी झाल्यावरच प्रवेश मिळतो म्हणजे इंजिनिअरिंगही वाया जात नाही.

प्रश्न: बाईंचे पिक्चर बघायचे तर कुठल्यापासून सुरू करू? (निपाणी)

उत्तर: ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस’पासून. रेल्वेच्या डब्यात एक खून आणि डबाभर संशयित, घरात सगळ्यांना बसून बघता येईल आणि इतकी तोंडं असून एकही हरवत नाही ते बघा. मग ‘एलिफंट मॅन’, रात्री शांतपणे. ‘लॉरेन्स’ मोबाइलवर अजिबात बघू नका, कुणाकडे मोठा टीव्ही असेल तिथं जा, मध्ये इंटरव्हल आहे तेव्हा जेवून घ्या. ‘आउट ऑफ साइट’ आणि ‘फिफ्टी शेड्स’ मोठ्यांसाठीचे आहेत, पोरं झोपल्यावर.